सामाईक बांध

डेव्हिड ह्यूम या स्कॉटिश तत्त्ववेत्त्याने मानवी स्वभावावरील आपल्या ग्रंथात (१७३९-४०) एका कुरणाचे उदाहरण दिले आहे. दोन शेजाऱ्यांच्या सामाईक कुरणात पाणी साचत असेल, तर ते काढून टाकण्याच्या कामी त्या दोघांचे एकमत सहज होते. एकमेकांचे मन ओळखणे दोघांस अवघड नसते, आणि आपण आपला वाटा उचलला नाही तर सगळेच काम अडून राहील हे दोघांच्याही डोळ्यांसमोर असते. परंतु तेथे दोघांऐवजी हजार माणसे असली, तर अशी मसलत ठरणे कठीण आणि ठरलेली पार पडणे त्याहूनही कठीण. कारण जो तो श्रम व खर्च चुकविण्याचे निमित्त शोधतो आणि सारा भार दुसऱ्यांच्या खांद्यावर ढकलू पाहतो. म्हणून राज्यसंस्था हवी, असा ह्यूमचा निष्कर्ष आहे. पूल, बंदरे, तट आणि कालवे ही कामे सरकारच्या हातूनच व्हावयाची. हजार शेजाऱ्यांच्या हातून ती होणे नाही.

हा भाग वर्गात शिकविताना आमच्या मनात नेहमी एक अडचण उभी राहते. ह्यूमने जे जवळजवळ अशक्य मानले, ते त्याच्या जन्माच्या कितीतरी आधीपासून आमच्या कोकणच्या किनाऱ्यावर चालू होते. तेथे हजार माणसांनी पाणी हटविले. आणि तेही एकदा नव्हे, तर दरवर्षी, पिढ्यान्‌पिढ्या. ही गोष्ट सांगून ह्यूमला खोटे पाडता येईल काय? आम्ही पुष्कळ काळ तसेच मानीत होतो. परंतु त्या किनाऱ्याची गेल्या शंभर वर्षांची हकीकत नीट पाहिली, म्हणजे प्रश्न इतका सरळ राहत नाही. तिच्यात एक नैतिक पेच आहे, आणि तो शेतकऱ्यापुरता नसून आमच्यासारख्या पांढरपेशा घरांच्या दारापर्यंत येऊन पोचतो.

प्रथम त्या जमिनीची ओळख करून घेतली पाहिजे. गोव्यात मांडवी, जुवारी, शापोरा, साळ इत्यादी नद्यांच्या मुखाकडे, भरतीच्या पाण्याखाली जाणारी जमीन मातीच्या बांधांनी अडवून शेते केलेली आहेत. त्यांस खाजन म्हणतात. त्यांचा विस्तार सुमारे १८,००० हेक्टर सांगतात. बांध चिखलाचा. त्यात पेंढा वगैरे घालून तो घट्ट केलेला असतो, आणि जेथे प्रवाहाचा मारा अधिक तेथे बाहेरच्या अंगास चिऱ्यांचे अस्तर असते. बांधात जागोजाग दारे असतात. त्यांस मानस म्हणतात. मानशीची करामत अशी की, तिला राखणदार असला तरी तिची झडप बहुतेक काम आपोआप करते. भरती चढू लागली की बाहेरच्या पाण्याच्या दाबाने ती मिटते. ओहोटी लागली की आतल्या पाण्याच्या दाबाने ती उघडते आणि शेतातले जादा पाणी नदीत निघून जाते. मानशीच्या आत सखल भागात पाण्याचा साठा असतो, त्याला पोंय म्हणतात. या पोंयीत कोळंबी, शेवटो, काळुंद्र, चोणक वाढतात, आणि ओहोटीच्या वेळी मानशीच्या तोंडाशी जाळे लावून ती धरतात. शेतात कोरगुट, असगो अशी मिठाला न भिणारी भाते. पावसाच्या पहिल्या सरींनी जमिनीतील खार धुऊन निघावा, तो ओहोटीबरोबर बाहेर जावा, मग पेरणी व्हावी, आणि कापणीनंतर पुन्हा खाऱ्या पाण्याचा व माशांचा अंमल सुरू व्हावा, असे हे वर्षाचे चक्र. भात आणि मासळी हे दोन वैरी एकाच घरात नांदविण्याची ही युक्ती कोण्या एका बुद्धिमान पुरुषाने शोधून काढली नसावी. चिखलात उभे राहणाऱ्या अनेकांच्या हातांनी ती हळूहळू घडली असावी, असे आम्हांस वाटते.

उत्तरेकडे रायगड जिल्ह्यात, म्हणजे जुन्या कुलाबा जिल्ह्यात, अलिबाग व पेण तालुक्यांच्या खाडीकाठास खारेपाट म्हणतात. तेथेही तोच प्रकार, शब्द मात्र निराळे. गोव्याची मानस येथे उघाडी होते, आणि तेथला चोणक येथे जिताडा होतो. तो घराजवळच्या तळ्यात वाढवावा व पाहुण्याच्या ताटात वाढावा, अशी खारेपाटाची ख्याती आहे. काळा राता, भुरा राता ही येथली जुनी भाते. बी भिजवून मोड आणून चिखलात फेकण्याची जी रीत, तिला येथे रहू म्हणतात. आणि बांध फुटला की खांड पडली म्हणतात. हा शेवटचा शब्द वाचकांनी लक्षात ठेवावा. पुढे त्याचे काम पडणार आहे.

बांधाचा स्वभाव शेताच्या स्वभावाहून वेगळा आहे. शेताचे तुकडे करता येतात; बांधाचे करता येत नाहीत. दोनशे जणांच्या मालकीची दोनशे शेते एकाच बांधाच्या आड असतात, आणि खेकड्याने पाडलेल्या एका बिळातून सुरू झालेली गळती जर दोन भरत्या दुर्लक्षित राहिली, तर दोनशेही शेतांत खारे पाणी शिरते. एकदा शिरलेला खार काढण्यास मग काही पावसाळे लागतात. देशावर एखाद्याने आपले शेत पडीक टाकले तर शेजाऱ्याचे फार तर तणाने नुकसान होते. येथे आळस हा संसर्गजन्य रोगासारखा आहे. म्हणून या गावांनी शेत खासगी ठेवले, पण बांध सामाईक ठेवला. गोव्यात खाजनातील शेतकऱ्यांचा भौस असे. तो बांधावर पहारा ठेवी, दुरुस्तीस माणसे बोलावी, खर्चाची वाटणी करी. खारेपाटात अशाच सामुदायिक श्रमाच्या पद्धतीस जोळ म्हणत. उधाणाच्या रात्री खांड पडली, तर आरोळी ऐकून प्रत्येक घरातून माणूस धावला पाहिजे, ही तेथली रीत. तिला कायद्याचे कलम लागत नव्हते.

येथपर्यंतचे वर्णन वाचून वाचकांच्या मनात एखादे रम्य चित्र उभे राहिले असेल, तर ते पुसून टाकणे आम्हांस भाग आहे. गोव्यात या व्यवस्थेच्या माथ्यावर गावकरी ही संस्था होती. पोर्तुगीज आले तेव्हा ती जुनीच होती. आफोंसो मेशिया याने १५२६ साली तिच्या चालीरीतींची सनद नोंदविली, आणि पुढे ती कोमुनिदाद या नावाने ओळखली जाऊ लागली. गावची जमीन गावकऱ्यांची सामाईक. ती लिलावाने कसावयास द्यावयाची. उत्पन्नातून बांध, देवस्थान व गावखर्च भागवावयाचा. उरेल ते जोण म्हणून गावकर पुरुषांत वाटावयाचे. परंतु गावकर कोण? मूळ वसाहत करणाऱ्या मानलेल्या घराण्यांचे पुरुष वंशज. बाकीचे गावात राहिले, चिखल उपसून मेले, तरी गावकर होत नसत. बांधावर जी पाटी डोक्यावरून वाहिली गेली ती बहुधा कुणब्याच्या वा गावड्याच्या डोक्यावरून, आणि त्यांच्या बायकांच्या डोक्यावरून. जोण मात्र त्या बायकांपैकी एकीच्याही हाती पडली नाही. कालांतराने असे झाले की, ज्याने आयुष्यात चिखलात पाय घातला नाही असा गावकर मुंबईत वा आफ्रिकेत नोकरी करून वर्षअखेर आपला वाटा घेई.

कुलाब्याकडे खोत होते. तेथे काय परिस्थिती होती हे चरीच्या संपाने जगास सांगितले. १९३३ च्या ऑक्टोबरात अलिबाग तालुक्यातील चरी येथे नारायण नागू पाटील यांच्या पुढारीपणाखाली कुळांनी खोतांची शेते न कसण्याची शपथ घेतली, आणि ती १९३९ पर्यंत पाळली. सहा पावसाळे! भात पिकविणाऱ्याने भात न पिकविण्याचा निश्चय करणे म्हणजे काय, याची कल्पना आम्हां पगारदार मंडळींस येणे कठीण आहे. लोकांनी जंगलातील लाकूडफाटा विकला, खाडीतील मासळीवर दिवस काढले, पण शपथ मोडली नाही. डॉ. आंबेडकरांनी या लढ्यास पाठिंबा दिला आणि १९३७ साली मुंबईच्या विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक आणले. खाऱ्या जमिनीचा बांध कितीही सुंदर असो, त्याच्या आड पिकलेल्या भातातून कुळाच्या घरी इतके थोडे पोचत होते की, ते न पिकविणेच त्याला परवडले. एवढी एक गोष्ट जुन्या व्यवस्थेच्या सर्व स्तुतिपाठकांस पुरेशी आहे.

पुढे कायदे झाले. १९३९ चा व १९४८ चा मुंबईचा कूळ कायदा, १९४९ चा खोती निर्मूलनाचा कायदा, आणि १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन. गोवा १९ डिसेंबर १९६१ रोजी मुक्त झाला. तेथे १९६४ साली कूळ कायदा आला, आणि १९७६ च्या दुरुस्तीने कसणारा हा जमिनीचा मालक ठरला. हे सर्व न्याय्य होते, याविषयी आमच्या मनात तिळमात्र शंका नाही.

आणि त्यानंतर बांध ढासळू लागले.

आमचा पेच तो हाच. ज्या व्यवस्थेत अन्याय होता तिने बांध राखला, आणि ज्या सुधारणेने न्याय केला तिच्या काळात तो फुटला. कोमुनिदादींची जमिनीवरील सत्ता गेली, तशी त्यांची बांधावरील जबाबदारीही गेली. भौसाच्या जागी कायद्याने कुळांचे संघ आणले. पण पुष्कळ ठिकाणी ते कागदावर राहिले, आणि काही ठिकाणी त्यांचे मुख्य काम मानशीचा लिलाव करणे एवढेच उरले. मासळीच्या हक्काचा लिलाव पूर्वीही होत असे, पण त्याचा पैसा बांधाला लागे व मानस केव्हा उघडावी हे भातावरून ठरे. आता ठेकेदाराला भात नको, कोळंबी हवी. त्याला भरतीच्या वेळी दार उघडे राहिलेले सोयीचे, कारण भरतीबरोबर मासळी आत येते. खारे पाणी शेतात चढले की भात जाते. भात गेले की शेतकऱ्याचा बांधातील जीव जातो. मग बांधही जातो आणि उरते ती केवळ कोळंबीची तळी. हेतुपुरस्सर बांध फोडल्याच्या तक्रारी गोव्यात वारंवार झाल्या आहेत. नद्यांतून खनिजाच्या बार्जी गेल्या, त्यांच्या लाटांनीही काठ पोखरले.

महाराष्ट्रात सरकारने बांध आपल्याकडे घेतला. १९४८ सालीच मुंबई इलाख्यात खारजमिनींचा स्वतंत्र कायदा झाला. १९७९ साली खारभूमी विकासाचा नवा कायदा आला. पनवेलच्या खारजमीन संशोधन केंद्राने खार सोसणाऱ्या भाताचे नवे वाण दिले, ही जमेची बाजू आम्ही विसरत नाही. परंतु बांध सरकारी झाला तेव्हापासून खांड पडल्यावर आरोळी देणाऱ्याने कोणास आरोळी द्यावी, हा प्रश्न उभा राहिला. गावकरी अर्ज करतात, अर्जावर अंदाजपत्रक होते, अंदाजपत्रकास मंजुरी लागते, मंजुरीनंतर निविदा निघते. समुद्राची भरती दिवसातून दोनदा येते. ती मंजुरीची वाट पाहत नाही. अलिबागच्या खाडीकाठास अशी शेते आहेत की जी खांड पडून एकदा पाण्याखाली गेली ती आज कित्येक वर्षे तशीच आहेत. सातबारावर नाव आहे, आणि नावाखाली खाडी आहे.

या पेचावर दोन सोपी उत्तरे ऐकू येतात. पहिले उत्तर जुन्या घराण्यांच्या बैठकीत ऐकू येते: ‘पाहा, आमच्या हाती होते तोवर सगळे ठीक होते.’ दुसरे सभेच्या व्यासपीठावरून: ‘न्याय झाला, आता बांधाचे काय व्हायचे ते होवो, ती तांत्रिक बाब आहे, अभियंते पाहून घेतील.’ आम्हांस ही दोन्ही उत्तरे एकाच चुकीची दोन रूपे वाटतात. दोघेही असे धरून चालतात की, बांध टिकणे व अन्याय असणे या गोष्टी एकत्र बांधलेल्या होत्या. एक घ्यावी तर दुसरी घ्यावी लागते. पण जुन्या व्यवस्थेत हक्क एकाचा आणि श्रम दुसऱ्याचे होते. त्या श्रमांस दोन बाजू होत्या: एक जुलूम, आणि दुसरी चिखलात उभ्या असलेल्या माणसांचे आपसांतील इमान. खोताच्या भयाने माणूस खोताच्या घरी वेठीस जाई, हे खरे. पण मध्यरात्री खांडीकडे तो धावे, तो खोताच्या भयाने नव्हे. तो शेजाऱ्यासाठी धावे, आणि शेजारी आपल्यासाठी धावेल या खात्रीने धावे. सुधारणेने जुलूम काढला ते योग्यच केले. पण त्याबरोबर ते इमानही जुलमाच्याच खात्यात जमा धरले गेले, आणि त्याच्या जागी एक सरकारी खाते आले. हक्क वाटताना प्रत्येकाला सातबाऱ्याचा उतारा दिला. बांधाचा उतारा कोणाच्याच नावे काढला नाही.

येथे ह्यूमकडे परत जाणे इष्ट होईल. सरकार का हवे याचे त्याने दिलेले कारण असे की, राज्यकर्त्यांस प्रजेतील कोणत्याही मोठ्या भागाचे हित साधण्यात प्रत्यक्ष स्वारस्य असते व काम बुडविण्यात त्यांचा लाभ नसतो. अठराव्या शतकातील सद्गृहस्थास हे शोभले. आज मात्र बांधाची फाइल ज्याच्या मेजावर आहे तो बांधाच्या आड राहत नाही, आणि तीन वर्षांनी त्याची बदली व्हावयाची असते. तो वाईट माणूस आहे असे मुळीच नाही. त्याच्या उंबऱ्यात खारे पाणी येत नाही, इतकेच. उलट हजार शेजाऱ्यांस जमत नाही, हे ह्यूमचे म्हणणे एलिनॉर ऑस्ट्रॉम या विदुषीने १९९० साली सप्रमाण खोडून काढले. व्हॅलेन्सियाचे पाटकरी आणि फिलिपिन्समधील पाटबंधाऱ्यांचे संघ यांची उदाहरणे देऊन सामाईक वस्तू शतकानुशतके कशा टिकतात हे तिने दाखविले. त्या कामास २००९ साली नोबेल पारितोषिक मिळाले. नियम पाळणारेच नियम करणारे असावेत, राखणदार त्यांनाच जबाबदार असावा, आणि चुकणाऱ्यास शिक्षा पायरीपायरीने व्हावी, असे तिचे निष्कर्ष आहेत. आमच्या भौसाला हे सगळे ठाऊक होते. फक्त ‘नियम करणारे कोण’ या प्रश्नाचे भौसावर अधिकार चालविणाऱ्यांनी दिलेले उत्तर अन्यायाचे होते. संस्था टिकली म्हणून ती न्याय्य ठरत नाही. तशीच ती अन्याय्य होती म्हणून तिचे प्रत्येक अंग टाकाऊ ठरत नाही.

आपल्या परंपरेतही बांधाची एक प्रसिद्ध गोष्ट आहे. धौम्य ऋषींनी आपल्या शिष्यास, पांचालदेशीय आरुणीस, शेताचा फुटलेला बांध घालावयास पाठविले. काही केल्या पाणी थांबेना, तेव्हा तो स्वतःच त्या खांडीत आडवा झाला. महाभारताच्या आदिपर्वात ही कथा आहे आणि शाळेच्या पुस्तकांतून ती आम्ही सर्वांनी गुरुभक्तीचा धडा म्हणून वाचली आहे. गुरूने हाक मारल्यावर तो केदारखंड फोडून उठला म्हणून त्याचे नाव उद्दालक पडले, असे मूळ कथा सांगते. खारेपाटातील ‘खांड’ त्या केदारखंडाची नातलग दिसते, ही भाषेची गंमत असो. पण आम्हांस त्या कथेत नेहमी एक उणीव भासते. आरुणी उठला त्या क्षणी पाणी पुन्हा वाहू लागले असले पाहिजे! पुढे बांध कोणी घातला, त्याविषयी कथा बोलत नाही. खांड पडेपर्यंत बांधाकडे कोणाचे लक्ष कसे गेले नाही, हेही ती विचारीत नाही. धौम्यांच्या आश्रमात दुसरे शिष्य होते. त्या रात्री ते कोठे होते? एका माणसाच्या अलौकिक त्यागाची कथा आम्हांस आवडते, कारण ती ऐकून डोळे पाणावतात आणि आम्हांस काही करावे लागत नाही. खाजनाच्या बांधास उद्दालकांची गरज नाही. त्याला दर हिवाळ्यात दोन दिवस चिखल टाकणाऱ्या, आणि तसे केल्याबद्दल कोणीही कथा न रचलेल्या, सामान्य माणसांची गरज असते. छांदोग्य उपनिषदात आत्म्याला सेतू म्हटले आहे. सेतू म्हणजे तेथे पूल नव्हे, बांध. या लोकांची परस्परांत सरमिसळ होऊ नये म्हणून त्यांना वेगळे धरून ठेवणारा. ज्या ऋषीस ही उपमा सुचली त्याने बांध फुटताना पाहिला असावा, असे मानण्याचा मोह आम्हांस आवरत नाही.

आता सर्वांत अवघड भागाकडे वळू. १९७६ साली वा १९५७ साली जो कसणारा मालक झाला, त्याची मुले आज कोठे आहेत? पुष्कळशी मुंबईस, पनवेलीस, आखातात, जहाजावर, कारखान्यात आहेत, आणि त्यांना तेथे जाण्याचा पूर्ण अधिकार होता. बापाने चिखलात आयुष्य काढले म्हणून मुलाने काढावे, असे म्हणणारा मनुष्य स्वतः चिखलात उतरलेला आम्ही अद्याप पाहिला नाही. अर्धा एकर खाऱ्या भाताचे उत्पन्न शहरातील एका महिन्याच्या पगाराशीही तुलना करण्यासारखे नाही. तेव्हा तो शेत पडीक टाकतो. ‘माझे शेत, मी कसीन किंवा न कसीन.’ तो असे म्हणतो तेव्हा स्वातंत्र्याच्या कोणत्याही पुरस्कर्त्यास त्याचे म्हणणे खोडून काढता येऊ नये, असे वरवर दिसते.

परंतु मिल्लने आपल्या स्वातंत्र्यावरील निबंधात (१८५९) एक सावधगिरीचे वाक्य घालून ठेवले आहे. मनुष्य कृतीने जसे दुसऱ्याचे नुकसान करतो तसे अकृतीनेही करतो, आणि दोन्हींचा जाब त्याला विचारता येतो. मात्र अकृतीचा जाब अधिक जपून विचारावा, असा त्याचा आशय आहे. खाऱ्या जमिनीवर ही सवलत फारशी लागू पडत नाही. डोंगराळ वरकस जमीन पडीक टाकणे ही केवळ अकृती आहे. बांधाआडची जमीन पडीक टाकून बांधाचा आपला वाटा सोडून देणे ही मात्र शेजाऱ्याच्या शेतावर सोडलेली भरती आहे, मग सोडणारा दुबईत झोपलेला का असेना. म्हणून शेत न कसण्याचा हक्क आम्ही मान्य करतो. बांध न राखण्याचा हक्क मान्य करीत नाही. ज्याला हात देता येत नाहीत त्याने पैसा द्यावा. मोठ्या शहरात मजल्यावरचे बिऱ्हाड बंद ठेवणाराही इमारतीच्या गच्चीचा खर्च देतोच. तेथे कोणी ‘मी राहत नाही’ असे म्हणत नाही.

हा नियम नव्या मालकास लावावयाचा तर तो जुन्या मालकासही लागला पाहिजे. कोमुनिदादीचा भाग ज्यांच्या घरात आजही चालत आला आहे, किंवा ज्यांच्या आजोबांनी खोतीचा वसूल खाल्ला व त्यावर मुलांची शिक्षणे केली, अशी घरे या मासिकाच्या वाचकांत थोडी नसतील. त्या शिक्षणाच्या पायाशी कोणाची तरी पाटी आहे. आम्ही कोणास दूषण देत नाही. पण खाजनाच्या ऱ्हासाविषयी हळहळ व्यक्त करणाऱ्यांत याच घरांचा आवाज मोठा असतो आणि बांधाच्या वर्गणीत तो ऐकू येत नाही, हे आमच्या दृष्टीस पडल्यावाचून राहिलेले नाही.

याहून बिकट प्रश्न तिवरांचा. जेथे खांडी बुजविल्या गेल्या नाहीत तेथे शेतांत तिवरे उगवली. बांधाबाहेर ती असावीत, हे जुन्या शेतकऱ्यासही ठाऊक होते. लाटेचा जोर तीच मोडतात. आता ती आत आली. २००५ साली मुंबई उच्च न्यायालयाने महाराष्ट्रातील तिवरांच्या तोडीस मनाई केली व २०१८ च्या निकालाने ती कायम झाली. २०११ च्या किनारा नियमन अधिसूचनेने गोव्यातील खाजनांस व त्यांच्या काठच्या तिवरांस एकाच वेळी संरक्षण दिले. तिवरे तोडू नयेत हे आम्ही मानतो. त्यांच्यावाचून किनारा उघडा पडेल, आणि समुद्राची पातळी वाढत असताना तर ती अधिकच हवीत. तरीही ज्या शेतकऱ्याची खांड सरकारने वेळेवर बुजविली नाही, त्याच्याच शेतात त्या दिरंगाईचे फळ म्हणून वाढलेले झाड दाखवून ‘हे आता वन आहे’ असे त्याला सांगणे, यात न्यायाची काहीतरी थट्टा आहे. शहरातील माणूस म्हणतो, समुद्राची जमीन समुद्राने परत घेतली. मुंबईच्या भरावावर बांधलेल्या घरात बसून हे वाक्य उच्चारणे फार सोपे असते.

आमचे मत असे की, सगळे बांध राखावेत असा हट्ट धरता येणार नाही. काही खाजने पुन्हा खाडीच होऊ द्यावी लागतील. पण बांध सोडणे आणि बांध सुटणे यांत महदंतर आहे. सोडावयाचा तर तो त्याच्या आड राहणाऱ्यांनी, जाणूनबुजून, नुकसानीचा हिशेब आधी करून सोडावा. आणि आड राहणारे म्हणजे केवळ सातबाऱ्यावरील नावे नव्हेत. त्यांत कूळ आले, मोलाने चिखल टाकणारी बाई आली, पोंयीत पाग टाकणारा आला. जुनी गावकरी याच ठिकाणी चुकली होती. असा निर्णय गावांना घेता येत नाही, हेही खरे नाही. २००८ च्या सप्टेंबरात पेण तालुक्यातील बावीस गावांच्या शेतकऱ्यांना विशेष आर्थिक क्षेत्रासाठी जमीन द्यावयाची की नाही याविषयी मत विचारण्यात आले, तेव्हा लोक रांगा लावून मत देण्यास आले होते. जमीन घेण्यासाठी मत विचारता येते, तर बांध राखण्यासाठीही विचारता येईल.

मात्र हे मत केव्हा विचारावयाचे हा क्षुल्लक वाटणारा प्रश्न आम्ही महत्त्वाचा समजतो. बाहेरगावची मंडळी गावी जमतात ती गणपतीस. त्या वेळी भात पोटरीत असते, बांध पावसाने भिजून मऊ झालेला असतो, आणि त्याला हात लावण्याची सोय नसते. सभा भरते, ठराव होतात, आणि विसर्जनानंतर मंडळी गाडीत बसतात. बांधाची सभा शिमग्यास भरली पाहिजे. तेव्हा शेत मोकळे असते, ओहोटीला खाडीतला चिखल कापता येतो, आणि टाकलेली माती मृगाच्या आधी वाळून बसण्यास पुरते दोन-अडीच महिने हाती राहतात.